बाल्कनीतला आवाज

डब्याचं झाकण उघडलं की आधी वास येतो,
आंबट, नाकात बसणारा.
"काकड्या मुरल्या वाटतं," रुफिना अख्मेतोव्ना म्हणतात.
फिल्म कुजायला लागली की तिचं व्हिनेगर होतं,
हे मी त्यांना पहिल्याच गुरुवारी सांगितलं होतं.
त्या म्हणाल्या, आमचंही.

उफाच्या या तळघरात त्या ट्रामने येतात,
बर्फाळलेले बूट दारात काढतात,
पायात लोकरी मोजे, पिशवीत स्वतःचा कप.
डब्यांवरची शाई उडाली आहे.
कुठल्या डब्यात कुठलं वर्ष, ते त्या सांगतात
गुडघ्यावरून.
"हा उजवा अजून माझा आहे,
म्हणजे चौऱ्याहत्तरच्या आधीचं."

वेनियामिन नावाचा थिएटरचा वीजतंत्री
शेवटच्या रांगेत कॅमेरा लावून बसायचा.
नाचातलं त्याला ओ की ठो कळत नव्हतं.
पाय बोलत असतात तेव्हा तो चेहरा दाखवतो,
चेहरा भरून येतो तेव्हा झुंबर.
तरी सतरा वर्षं, तापातसुद्धा.
"तुम्ही आवडायचात का त्याला?"
"त्याला कॅमेरा आवडायचा,"
म्हणाल्या, आणि कप धुवायला उठल्या.

तिसऱ्या अंकात एक उडी आहे.
विंगेतून तिरक्या धावत येतात त्या,
एक, दोन, जमीन सोडतात
आणि रीळ संपतं.
पांढरं. खरखर.
वेनियामिन अंधारात नवं रीळ चढवतो,
अकरा सेकंद.
मग एकदम रंगमंचाचं दुसरं टोक,
त्या दम आवरत उभ्या, टाळ्या.
सातही प्रयोगांत तिथंच.
ती उडी कुठल्याच डब्यात
खाली उतरलेली नाही.

मी मशीन थांबवायला हात पुढे केला
तर टेबलावर त्यांची दोन बोटं धावत होती,
सांध्यांत वाकडी झालेली,
चवड्यावर, मग हवेत, मग किती तरी वेळ हवेत,
मग उतरली
चहाचा डाग चुकवून.

आणि तो खोकला.
वाद्यं एकेक करून मिटतात, एक बासरी उरते,
नेमकं तेव्हा माइकच्या शेजारी कुणी तरी खोकतं.
कोरडं, दोनदा.
तिसऱ्यांदा रुमालात दाबलेलं.
वरून आदेश आहे: आवाज स्वच्छ करावा.
त्यासाठी माझ्याकडे एक बटण आहे.
"राहू दे," त्या म्हणाल्या.
"आई आहे."

कापडगिरणीत, पिंजणखात्यात.
पाळी सुटली की केसांतली कापसाची लव न झटकता
फुकटच्या पासावर यायची,
वेनियामिनच्या बाजूची खुर्ची, खांबामागची.
चष्मा नव्हता.
"घरी येऊन म्हणायची, ती पांढऱ्यातली बरी होती हं.
पांढऱ्यात आम्ही चोवीस जणी असायचो."
हसल्या. मीही हसले.
मग पुन्हा मागे न्यायला लावलं,
बासरीच्या जरा अलीकडे.

एकोणऐंशीच्या नोव्हेंबरनंतरच्या डब्यांत
आवाज स्वच्छ आहे.
बासरी शेवटपर्यंत ऐकू येते.
ते डबे त्या भराभर उरकतात.

मी दोन प्रती केल्या.
थिएटरसाठी एक, आदेशाबरहुकूम.
दुसरी बोटाएवढ्या पेनड्राइव्हवर,
तो त्यांनी रुमालात बांधून कपात ठेवला.
घरी तो लावायला काहीच नाही त्यांच्याकडे.
"म्हणून काय झालं," म्हणाल्या,
आणि बूट चढवायला स्टुलावर बसल्या,
उजवा आधी, कण्हत.

तळघराची खिडकी रस्त्याच्या पातळीला आहे.
माणसांचे फक्त पाय दिसतात.
त्यांचे बूट आले, चवडे अजूनही बाहेर वळलेले,
बर्फावर एकेक बेतानं टाकत.
कुठं तरी ट्रामची घंटा झाली.
बूट थबकले, तिरके वळले, धावले,
एक, दोन,
आणि खिडकी संपली.